इयत्ता सातवी, तीन मिनिटं आणि सरला ठकराल

नळस्टॉपवाली

मंडळी, लेक सातवीत आहे. शाळेत वक्तृत्व स्पर्धा, विषय 'आद्य भारतीय स्त्रिया', वेळ तीन मिनिटं. बाईंनी चिठ्ठ्या टाकल्या आणि आमच्या चिठ्ठीत सरला ठकराल निघाल्या. सावित्रीबाई आणि आनंदीबाई जोशी दुसऱ्यांना गेल्या ("त्यांची भाषणं तयार मिळतात गं आई!"), म्हणून आधी थोडं रडून झालं. मग सासूबाईंनी भिशीच्या ग्रुपवर आलेलं एक ढकलपत्र काढून दिलं आणि म्हणाल्या, "हे घे, पाठ कर."

ढकलपत्र असं: 'भारतातील पहिली महिला वैमानिक सरला ठकराल यांनी १९३६ मध्ये साडी नेसून विमान उडवले. १००० तास उड्डाण करून परवाना मिळवला. अभिमान वाटत असेल तर पुढे पाठवा.' खाली फोटो. फोटोत चकचकीत पत्र्याचं, दोन इंजिनांचं, खिडक्याबिडक्या असलेलं विमान.

माझा आणि विमानाचा संबंध म्हणजे लोहगावला पाहुणे सोडायला जाणं, एवढाच. तरी दोन संध्याकाळी वाचत बसले, आणि पहिला खडा लागला तो आडनावाचा. १९३६ साली जी उडाली ती ठकराल नव्हतीच. ती सरला शर्मा. ठकराल झाल्या १९४८ साली, दुसऱ्या लग्नानंतर. म्हणजे वैमानिक म्हणून आपण ज्या नावाने त्यांना ओळखतो, त्या नावाची बाई लाहोरच्या विमानतळावर कुणाला माहीतच नव्हती.

जे हाती लागलं ते असं. जन्म ८ ऑगस्ट १९१४, दिल्ली. सोळाव्या वर्षी लग्न, नवरा पी. डी. शर्मा. तो स्वतः वैमानिक, कराची-लाहोर मार्गावर टपाल नेणारा. हवाई टपालाचा परवाना मिळवणारा पहिला भारतीय म्हणून त्याचं नाव घेतात. सासरी एकूण नऊ वैमानिक. सुनेला क्लबात घालायची नवऱ्यापेक्षा सासऱ्यांनाच जास्त घाई होती म्हणे. (हे वाक्य मी सासूबाईंना दोनदा वाचून दाखवलं.) १९३६ साली, वयाच्या एकविसाव्या वर्षी, घरी चार वर्षांची मुलगी असताना, साडी नेसून लाहोर फ्लाइंग क्लबच्या 'जिप्सी मॉथ' नावाच्या छोट्या, दोन जागांच्या विमानातून एकटीने उड्डाण. घरातलं लाडाचं नाव 'मती'.

इथे ढकलपत्र संपतं. बाईंचं आयुष्य मात्र यानंतर बहात्तर वर्षं चाललं.

१९३९ साली शर्मा विमान अपघातात गेले. सरला चोवीस-पंचवीस वर्षांच्या, पदरात दोन मुली. विमानाचं नाव नको असं कुणी म्हटलं असतं तर आश्चर्य नव्हतं. या उलट जोधपूरला गेल्या, व्यावसायिक परवान्याचं प्रशिक्षण घ्यायला. म्हणजे आता हौस म्हणून नाही, पोटासाठी उडायचं. तेवढ्यात दुसरं महायुद्ध सुरू झालं, नागरी प्रशिक्षण बंद पडलं, आणि परवाना राहिला तो राहिलाच. मग परत लाहोर. तिथल्या मेयो कलाशाळेत बंगाल शैलीची चित्रकला शिकल्या, पदविका घेतली. तोवर फाळणी. दोन मुलींना घेऊन दिल्ली. १९४८ साली आर. पी. ठकराल यांच्याशी लग्न. पुढे साड्यांवरची नक्षी, कापडावरची छपाई, खोटे दागिने यांचा धंदा उभा केला, तोही चांगला चालवला; विजयालक्ष्मी पंडित त्यांच्या गिऱ्हाईक होत्या. कॉटेज एम्पोरियमला माल जायचा, राष्ट्रीय नाट्य विद्यालयासाठीही त्यांनी काम केलं. नव्वदी ओलांडून गेल्या.

माझं म्हणणं असं की भाषण जोधपूरपासून सुरू व्हावं. लेक म्हणते, "आई, विषय 'आद्य' आहे, 'उत्तरार्ध' नाही."

तर जाणकारांनो, (१) हे १००० तासांचं काय? (२) त्या विमानात साडी नेसून बसायचं कसं? (३) तीन मिनिटांत काय ठेवू?

शब्दखुळा

पहिलं काम म्हणजे 'पहिली' हा शब्द उडवा. १९३२ साली मुंबईच्या उर्मिला पारीख यांना वैमानिकाचा परवाना मिळाल्याची नोंद सांगतात, म्हणजे सरलाबाईंच्या चार वर्षं आधी. नंतर प्रेम माथुर यांनाही 'पहिली' म्हणतात आणि दुर्बा बॅनर्जींनाही. पहिली परवानाधारक, पहिली व्यावसायिक, इंडियन एअरलाइन्समधली पहिली, हवाई दलातली पहिली. इतक्या पहिल्या की रांगेत उभ्या केल्या तर स्वारगेटपर्यंत जाईल.

अवांतर: 'महिला वैमानिक' असंच का? पुरुष असला की 'पुरुष वैमानिक' म्हणतो का आपण?

पेशवेपार्कातला_मोर

आधीच्या प्रतिसादातल्या अवांतरावर किमान चाळीस प्रतिसाद येणार. मी आपला वडा-सांबार सांगून बसतो.

टेलड्रॅगर

मी हल्लीच्या काळातला शिकाऊ. शंभराच्या वर तास झालेत, नोकरी अजून नाही. (१) आणि (२) चं उत्तर देतो.

त्या काळी ब्रिटिश पद्धतीत दोन परवाने होते. 'ए' म्हणजे खाजगी: स्वतः उडवा, पैसे घेऊन कुणाला नेऊ नका. 'बी' म्हणजे व्यावसायिक. 'ए' मिळायला १००० तास लागत नव्हते. एकट्याने केलेलं काही तासांचं उड्डाण, ठरावीक परीक्षा, वैद्यकीय तपासणी, झालं. हजार तासांची अट असती तर देशातले निम्मे हौशी लोक परवान्याविना म्हातारे झाले असते. 'परवान्यासाठी १००० तास' हे वाक्य इंग्रजी मजकुरांमध्येही जसंच्या तसं फिरतंय. बाईंनी हजार तास उडवले आणि त्यांच्याकडे 'ए' परवाना होता, या दोन गोष्टी कुणीतरी एका दोऱ्यात ओवल्यात. भाषणात त्या वेगळ्या ठेवा.

आणि हजार तास वेगळे सांगितलेत तर उलट जास्त वजन येतं. जिप्सी मॉथचं इंजिन शंभर अश्वशक्तीचं, निवांत वेग ताशी १३५ किलोमीटरच्या आसपास. हजार तास म्हणजे सव्वा लाखाहून जास्त किलोमीटर, पृथ्वीला तीन फेऱ्या. टाकी एकदा भरली की जेमतेम पाचशे किलोमीटर. लाहोरहून पुण्याला यायचं तर सरळ रेषेत साडेचौदाशे किलोमीटर, दहा-अकरा तास नुसते हवेत, वर तेल भरायला दोन-तीनदा उतरायचं. तेही उघड्या खोबणीत बसून.

हो, उघड्या. छप्पर नाही. दोन खोबणी, एकामागे एक. शिक्षक पुढे, शिकणारा मागे. बोलायला रबरी नळी, तीही इंजिनाच्या आवाजात. एकट्याने उडायचं तरी मागच्याच जागेवर बसायचं, नाहीतर विमानाचा तोल बिघडतो. मला या बाईंच्या गोष्टीत सगळ्यात जास्त हे डोळ्यासमोर येतं: इतके दिवस समोर शिक्षकाचं डोकं दिसत होतं, आणि त्या दिवशी ते नाही. पुढची खोबण रिकामी, पट्टे आवळून बांधलेले. एका माणसाचं वजन कमी झाल्यामुळे विमान नेहमीपेक्षा लवकर उचलतं आणि जास्त झपाझप चढतं. माझ्या पहिल्या सोलोला मी तेवढ्यानेच घाबरलो होतो, आणि माझं विमान बंद काचेचं होतं.

उतरताना तर गंमतच. शेपूट खाली टेकवत उतरणारं विमान, नाक वर, त्यामुळे ऐन वेळी समोरचं काही दिसतच नाही. बाजूने डोकं काढून गवत किती जवळ आलंय त्याचा अंदाज घ्यायचा. चाकांना ब्रेक नाहीत. शेपटाखाली चाकसुद्धा नाही, एक घसरती पट्टी; ती जमिनीला घासून विमान थांबवते.

ढकलपत्रातल्या फोटोबद्दल काही बोलत नाही.

पेशवेपार्कातला_मोर

वा! आता साडी?

टेलड्रॅगर

साडीचं मी काय सांगणार? विमान चालवायची दांडी दोन गुडघ्यांच्या मधे असते आणि पाय सुकाणूच्या पट्टीवर, एवढं सांगतो. पुढचं अनुभवी मंडळींनी बघावं.

गुलटेकडीची_कुलकर्णी

मी सांगते. पंचवीस वर्षं पाचवारी नेसून लूना चालवली आहे. पदर खांद्यावर पिन करून कमरेला खोचायचा, निऱ्या गुडघ्यांच्या मधे दाबायच्या, आणि साडी दोन बोटं वर नेसायची म्हणजे पायात येत नाही. दांडी मधे येत असेल तर निऱ्या एका अंगाला. वारा मागे फेकतो तो पदर, बाकी साडी कुठे जात नाही. त्या काळच्या बायका साडीतच सगळं करायच्या, साडी नेसून उडाली यात नवल बघणाऱ्याला वाटतं, नेसणारीला नाही. ती रोज नेसायची तीच नेसून गेली.

पेशवेपार्कातला_मोर

काकू, लूना आणि जिप्सी मॉथ ही तुलना मी छापून ठेवतो. पण मुद्दा सोळा आणे. आणि नऊवारी असती तर प्रश्नच नव्हता, कासोटाच. आपल्या पुण्याच्या शीतल महाजन यांनी २०१८ साली थायलंडमध्ये नऊवारी नेसून विमानातून उडी मारली होती, आठवतंय का? त्याच शीतल ज्यांनी २००४ मध्ये उत्तर ध्रुवावर पॅराशूटने पहिलीच उडी घेतली. पहिली म्हणजे आयुष्यातली पहिली! पुढे पद्मश्री मिळाली. लाहोरची पाचवारी ते पुण्याची नऊवारी, चार वार प्रगती आहे.

निवृत्त_फिटर

वय ८२. नातवाने हा धागा वाचून दाखवला, टंकतोही तोच आहे.

जिप्सी मॉथवर हात लावलेला नाही, तिची धाकटी बहीण टायगर मॉथ, तिच्यावर तरुणपणी एका फ्लाइंग क्लबात काम केलं. दोन्ही सारख्याच घरच्या. डी हॅविलंड साहेबाला पतंग-पाखरं गोळा करायचा नाद होता, म्हणून विमानांना तसली नावं. जिप्सी मॉथचे पंखही पाखरासारखे मागे मिटून ठेवता यायचे, म्हणजे लहानशा शेडमध्ये मावायची.

मुलीला सांगा, हे विमान म्हणजे लाकूड आणि कापड. पंखाचा लाकडी सांगाडा, त्यावर कापड ताणून घालायचं, आणि प्रत्येक फासळीशी मेण लावलेल्या दोऱ्याने शिवायचं. टाका ठरावीक अंतरावर, गाठ ठरावीक. चुकीची गाठ दिसली की आमचे इन्स्पेक्टर बोलायचे नाहीत, सरळ कात्रीने कापून टाकायचे. मग वरून डोपचे हात. डोप म्हणजे एक प्रकारचं रोगण, नेलपॉलिशसारखा वास, दुपारपर्यंत डोकं जड. तो वाळला की कापड आवळतं. टिचकी मारली तर तबल्यासारखं वाजायला पाहिजे. ढप्प वाजलं की परत.

आणि सुरू करताना सेल्फ नाही. पुढे एक माणूस उभा राहून पंखा हाताने फिरवतो. आधी स्विच बंद ठेवून दोन-चार वेळा फिरवून पेट्रोल ओढून घ्यायचं. मग तो ओरडतो, "काँटॅक्ट!" आत बसलेला स्विच टाकतो आणि तसाच ओरडून उत्तर देतो, "काँटॅक्ट!" तेव्हा पंखा खाली ओढायचा आणि त्याच झटक्यात अंग मागे घ्यायचं. पाय पुढे राहिला, मफलर लोंबकळत राहिला, तर संपलं. आमच्यात या कामाला ढगळ शर्ट घालायची परवानगी नव्हती. साडीवाली बाई आत बसली होती म्हणून ठीक, पंखा तिने स्वतः फिरवला असेल असं वाटत नाही.

शब्दखुळा

काका, नमस्कार करतो. म्हणजे ज्यात बसून त्या उडाल्या तेही कापड, आणि पुढे धंदा केला तोही कापडाचा!

गुलटेकडीची_कुलकर्णी

हे जरा ओढूनताणून आहे हो. पोट भरायला केला धंदा, त्यात तुम्ही विमान कशाला घुसवता?

शब्दखुळा

माघार.

हिंगण्याची_नात

नळस्टॉपवाली ताई, दुसऱ्या लग्नाचा उल्लेख गाळू नका. दोन मुली असलेल्या विधवेचं १९४८ साली लग्न. घरचं वातावरण आर्य समाजाचं होतं, त्यामुळे तिथे त्याला निदान शास्त्राचा अडसर नव्हता. दयानंदांची १८७५ सालची व्याख्यानं आपल्या पुण्यातच झाली होती, न्यायमूर्ती रानड्यांच्या पुढाकाराने. आणि अण्णा कर्व्यांनी १८९३ मध्ये गोदूबाईंशी पुनर्विवाह केला तर मुरुडला गावाने वाळीत टाकलं. माझी पणजी अण्णांच्याच हिंगण्याच्या आश्रमात शिकली, म्हणून माझ्या डोळ्यात आधी तेच भरलं. विमान नंतर.

नळस्टॉपवाली

सगळ्यांचे आभार! काका, तुमचा प्रतिसाद लेकीला वाचून दाखवला. ती आत्ता सीलिंग फॅनखाली उभी राहून "काँटॅक्ट" ओरडते आहे आणि धाकटा रेग्युलेटर फिरवतो आहे. तासभर चाललंय.

कॅम्पातली_कॅमेलिया

मी इथे फारशी लिहीत नाही, पण या धाग्याने लिहायला लावलं.

१९८३ साली मी हडपसरच्या ग्लायडिंग सेंटरला जायचे. आता तिथे चोहीकडे इमारती आहेत, तेव्हा फुरसुंगीकडे शेतं होती. रोहिणी नावाचं लाकडी ग्लायडर, आपल्याकडेच बनलेलं. त्यात शिक्षक पुढेमागे नाही, शेजारी बसायचे. इंजिन नाही. मैदानाच्या दुसऱ्या टोकाला विंच असते, ती तारेने खेचते. तार सैल पडलेली असते, ती हळूहळू सरळ होते, मग एक हिसका, आणि दोन-तीन श्वासांत समोर जमीन नाही, नुसतं आभाळ. हजारेक फुटांवर पिवळी मूठ ओढली की तार सुटते, खट् असा आवाज येतो, आणि मग शांत. कापडावरून वारा सरकतो तेवढाच आवाज. दिवे घाट दिसायचा, सासवड रस्त्यावरचे ट्रक दिसायचे. पाच-सहा मिनिटांत खाली. त्या पाच मिनिटांसाठी मी घोरपडीहून सायकल मारत जायची.

माझी सोलो तिथे झाली. शिक्षक उतरले, त्यांच्या जागेचे पट्टे बांधले आणि म्हणाले, "आता बडबड करायला कोणी नाही, लक्ष दे." टेलड्रॅगर यांनी लिहिलंय ते अगदी तसंच. शेजारची जागा एवढी मोठी असते हे मला माहीत नव्हतं.

नंतर मोटरचं विमान शिकायचं म्हणून दुसऱ्या गावातल्या एका क्लबात चौकशीला गेले. नाव लिहीत नाही. तिथल्या गृहस्थांनी फी सांगितली, वेळ सांगितली, आणि शेवटी म्हणाले, "मुलींसाठी सोय नाही." मला वाटलं वसतिगृहाची. म्हटलं, मी नातेवाइकांकडे राहीन. तेव्हा ते जरा अवघडून खिडकीबाहेर बघत म्हणाले, "तशी सोय नाही." संडास नव्हता. म्हणजे होता, एक होता, तो पुरुषांचा. दिवसभर धावपट्टीच्या कडेला उन्हात आपल्या पाळीची वाट बघत थांबायचं असतं, आठ-आठ तास. मी दोन महिने गेले. पाणी न पिता. मग मूतखड्याचं दुखणं झालं आणि बाबा म्हणाले, पुरे.

सरलाबाईंचं महायुद्धामुळे थांबलं. मी लोकांना 'पैसे पुरले नाहीत' असं सांगत आले.

पुढे बँकेत लागले, निवृत्तही झाले. अजून विमानात बसले की खिडकीची जागा मागते आणि पंखावरच्या फळ्या कधी बाहेर येतात ते बघते.

नळस्टॉपवाली

कॅमेलियाताई, काय लिहू कळत नाही. एकदा चहाला याल का?

कॅम्पातली_कॅमेलिया

येईन की. लेकीला भेटायला.

टेलड्रॅगर

ताई, 'सोय नाही' हे अजूनही काही ठिकाणी बरोबरच्या मुलींना ऐकावं लागतं. आता ते फलकावर लिहीत नाहीत एवढंच.

लोहगावकर

थोडं उजळ लिहितो. २५ नोव्हेंबर २००९. राष्ट्रपती प्रतिभाताई पाटील लोहगावहून सुखोई-३० मध्ये बसून उडाल्या. वय ७४. त्याआधी २००६ मध्ये कलाम साहेबही इथूनच उडाले होते. आम्ही विमाननगरच्या गच्चीत सगळी बिल्डिंग गोळा होऊन बघत होतो. सुखोईच्या आवाजाने एरवी शिव्या घालणारे जोशीकाका त्या दिवशी टाळ्या वाजवत होते. प्रतिभाताई कायम साडीत, डोक्यावर पदर. त्या दिवशी जी-सूट. सरलाबाई साडी नेसून चढल्या आणि प्रतिभाताई साडी सोडून, यावर शब्दखुळा साहेबांनी भाष्य करू नये ही विनंती.

आणि खडकवासल्याला एनडीएमध्ये २०२२ साली पहिल्यांदा मुली आल्या. मे २०२५ च्या संचलनात त्यातल्या १७ जणी बाहेर पडल्या. मुलीला तो व्हिडिओ दाखवा.

धायरीचा_धनंजय

सगळं ठीक, पण आपल्या मराठी बाईचं नाव अजून कुणी घेतलं नाही म्हणून मी घेतो. कॅप्टन सौदामिनी देशमुख. १९८५ साली इंडियन एअरलाइन्सच्या फोकर विमानाचं कलकत्ता-सिलचर उड्डाण, कॅप्टन सौदामिनी, सहवैमानिक निवेदिता भसीन, आणि केबिनमध्येही सगळ्या बायका. पूर्ण महिला चमूचं ते इंडियन एअरलाइन्समधलं पहिलं उड्डाण. (शब्दखुळा, पुन्हा 'पहिलं', नाइलाज आहे.) सिलचरचा मार्ग म्हणजे ईशान्येकडचं हवामान, पावसाळी ढग. शोभेसाठी निवडलेला सोपा मार्ग नव्हता तो.

आणि प्रेम माथुर यांच्यावर एक वेगळा धागा हवा. अलाहाबादच्या क्लबातून १९४७ साली व्यावसायिक परवाना काढला. आठ कंपन्यांनी नाही म्हटलं. हैदराबादच्या डेक्कन एअरवेजने घेतलं, तेही सहवैमानिक म्हणून. १९४९ मध्ये राष्ट्रीय हवाई शर्यत जिंकल्या, तरी कंपनी त्यांना मुख्य वैमानिकाची खुर्ची द्यायला तयार नव्हती. 'बाई चालवतेय म्हटल्यावर प्रवासी घाबरतील' ही सबब. आज भारतात दर शंभर वैमानिकांत पंधराएक बायका आहेत, जगात सरासरी पाचेक. प्रवासी घाबरलेले दिसत नाहीत.

शब्दखुळा

धनंजयराव, उघडा तो धागा. शीर्षकात 'पहिली' नको.

पेशवेपार्कातला_मोर

'आठव्या नकारानंतरची' द्या.

नळस्टॉपवाली

वृत्तान्त देते, देणं लागते.

कॅमेलियाताई रविवारी येऊन गेल्या. लेकीने त्यांना खुर्चीत बसवलं, हातात लाटणं दिलं दांडी म्हणून, पायाखाली पाट, आणि म्हणाली, "आता उतरवून दाखवा." ताई चष्मा काढून बाजूला मान वळवून बसल्या, डाव्या अंगाने खाली फरशीकडे बघत. लाटणं हळूहळू पोटाकडे ओढत आणलं, अगदी हळू, शेवटी पोटाला टेकवलं आणि तसंच धरून ठेवलं. दोन मिनिटं कुणी काही बोललं नाही. मग सासूबाई म्हणाल्या, "पोहे निवताहेत."

काल स्पर्धा झाली. आधीची सुरुवात ("अध्यक्ष महोदय, पूज्य गुरुजनवर्ग") लेकीने स्वतःच काढून टाकली आणि एकदम "काँटॅक्ट!" असं ओरडून सुरू केलं. पहिल्या रांगेतल्या परीक्षक बाई दचकल्या. पंखा कसा फिरवतात, कापडावर टिचकी कशी मारतात, पुढची खोबण रिकामी, पदर कुठे खोचायचा (कुलकर्णी काकूंच्या शब्दांत, लूना वगळून) हे सगळं झालं. 'ए' परवाना आणि हजार तास वेगवेगळ्या वाक्यांत आले, टेलड्रॅगर यांनी नोंद घ्यावी. सरला शर्मा असंच नाव घेतलं. परीक्षकांना वाटलं पोरगी आडनाव विसरली, त्यांनी मान हलवून 'ठकराल, ठकराल' असं सुचवलंही.

पहिल्या उड्डाणाचं वर्णन जरा लांबलं. जोधपूरला पोचली आणि घंटा वाजली. मेयो कलाशाळा नाही, दिल्ली नाही, ठकराल तर नाहीच. माईकसमोरून खाली उतरता उतरता म्हणाली, "पुढे खूप आहे." बाईंनी पुढचा नंबर पुकारला.

उत्तेजनार्थ मिळालं. सावित्रीबाई पहिल्या आल्या.

निवृत्त_फिटर

तिला सांगा, काँटॅक्ट म्हटल्यावर उत्तर येईपर्यंत थांबायचं असतं. पुढच्या वेळी थांब.

नळस्टॉपवाली

काका, सांगितलं. म्हणाली, "समोर कोणी उत्तर देणारं नव्हतं ना."